पेंग : आळस की लक्षण? निद्राविकार आणि दिवसा येणाऱ्या झोपेचे धोके

प्रस्तावना :

झोपेच्या निरनिराळ्या छटा व्यक्त करणारे शब्द मराठीत विपुल आहेत. डुलकी, पेंग, झापड, गुंगी, साखरझोप, वामकुक्षी हे त्यांपैकी काही. तथापि भरदिवसा, काम चालू असताना ज्याला झोप आवरत नाही अशा व्यक्तीसाठी आपण आळशी, सुस्त, झोपाळू, कुंभकर्ण असे जे शब्द वापरतो ते वर्णनाचे नसून निवाड्याचे आहेत. झोप का येते याची चौकशी होण्यापूर्वीच निवाडा दिला जातो, आणि तो बहुधा चुकीचा असतो.

प्रस्तुत लेखकाच्या अध्यापनकाळातील दोन अनुभव या लेखामागे आहेत. पहिला अनुभव एका विद्यार्थ्याचा आहे. सकाळच्या पहिल्या तासिकेला तो नियमित येई आणि नियमित पेंगत असे. एके दिवशी सर्व वर्गासमक्ष त्याला सुनावले गेले, "झोपायचेच असेल तर घरी झोपावे." दुसऱ्या दिवसापासून तो तासिकेला आला नाही. पुढे त्याच्या मित्राकडून समजले की, तो औद्योगिक वसाहतीतील एका कारखान्यात रात्रपाळी करी आणि सकाळी सातला पाळी सुटली की थेट महाविद्यालयात येई. दुसरा अनुभव एका ज्येष्ठ सहकाऱ्यांचा आहे. सभेत, ग्रंथालयात, कधी बोलता बोलताही त्यांचा डोळा लागत असे आणि अध्यापक कक्षात तो थट्टेचा विषय झाला होता. एका दुपारी दुचाकी चालवताना ते रस्त्याच्या कडेला पडले. त्यानंतर झालेल्या तपासणीत झोपेत त्यांचा श्वास तासाला ३० हून अधिक वेळा अडखळत असल्याचे आढळले.

बाहेरून पाहता दोघांची पेंग सारखीच होती. पहिल्याला झोपेसाठी वेळच मिळत नव्हता. दुसऱ्यास वेळ मिळत होता, परंतु झोप मिळत नव्हती. दोघांनाही आळशी समजण्यात आले. दिवसा येणारी अनावर झोप हा स्वभावदोष नसून ते एक लक्षण आहे, आणि लक्षणाचे कारण शोधावयाचे असते, हा या लेखाचा मुख्य प्रतिपाद्य विषय आहे.

उद्दिष्टे :

१. झोपेची शरीरांतर्गत यंत्रणा थोडक्यात समजून घेणे.
२. दिवसा अतिरिक्त झोप येण्यास कारणीभूत ठरणाऱ्या प्रमुख निद्राविकारांचा परिचय करून देणे.
३. पेंगेमुळे संभवणारे धोके स्पष्ट करणे.
४. महाविद्यालयीन अध्यापकांनी या संदर्भात काय करावे याचा विचार मांडणे.

पारंपरिक दृष्टिकोन :

भारतीय परंपरेने झोपेस गौण मानलेले नाही. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात आहार, निद्रा व ब्रह्मचर्य हे शरीराचे तीन उपस्तंभ सांगितले आहेत. त्याच ग्रंथात ग्रीष्म ऋतू वगळता दिवसा झोपणे निषिद्ध ठरविले आहे. मात्र या निषेधाला असलेले अपवाद सहसा सांगितले जात नाहीत. अध्ययनाने, ओझे वाहण्याने, वाटचालीने आणि जागरणाने थकलेल्यांस, तसेच वृद्ध, बालक व आजारी यांस दिवसा झोपण्याची मुभा तेथे दिलेली आहे. याचा अर्थ असा की, दिवसा कोण झोपतो यापेक्षा का झोपतो या प्रश्नाला चरकानेही महत्त्व दिले होते. आपण निषेध लक्षात ठेवला, अपवाद मात्र विसरलो.

झोपेची यंत्रणा :

झोप म्हणजे मेंदूचे बंद पडणे, ही समजूत विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत शास्त्रज्ञांमध्येही रूढ होती. १९५३ साली शिकागो विद्यापीठातील युजीन ॲसेरिन्स्की व नॅथॅनिएल क्लाइटमन यांनी झोपेतील नेत्रगोलांच्या जलद हालचालींविषयीचे संशोधन प्रसिद्ध केले आणि झोपेच्या काही अवस्थांत मेंदू अत्यंत क्रियाशील असतो, हे स्पष्ट झाले. आज झोपेचे दोन मुख्य प्रकार मानले जातात : जलद नेत्रहालचालींची झोप आणि तशा हालचालींविरहित झोप. दुसऱ्या प्रकारात उथळ झोपेपासून गाढ झोपेपर्यंत तीन पायऱ्या आहेत. या सर्व अवस्थांचे एक आवर्तन सुमारे ९० मिनिटांचे असते व रात्रीत अशी चार ते पाच आवर्तने होतात. रात्रीच्या पूर्वार्धात गाढ झोपेचे, तर उत्तरार्धात स्वप्नबहुल झोपेचे प्रमाण अधिक असते. त्यामुळे झोप दोन तासांनी कमी करणे म्हणजे केवळ एक चतुर्थांश झोप गमावणे नव्हे. तिच्या एका विशिष्ट भागाचा मोठा हिस्सा गमावणे होय.

झोप केव्हा येते, याचे स्पष्टीकरण १९८२ साली स्वित्झर्लंडमधील संशोधक अलेक्झांडर बॉर्बेली यांनी मांडलेल्या द्विप्रक्रिया सिद्धांताने मिळते. पहिली प्रक्रिया झोपेच्या दाबाची आहे. माणूस जागा असतो तोवर मेंदूत ॲडेनोसिन हे द्रव्य साठत जाते व झोपेची निकड वाढत जाते. झोपेत हा साठा ओसरतो. चहा-कॉफीतील कॅफिन ॲडेनोसिनच्या ग्राहकांवर जाऊन बसते, म्हणून तरतरी वाटते. परंतु साठा तसाच राहतो. चहाने झोपेचे कर्ज फिटत नाही, केवळ वसुली पुढे ढकलली जाते. दुसरी प्रक्रिया जैविक घड्याळाची आहे. दोन्ही डोळ्यांच्या दृष्टिचेता मेंदूत जेथे एकमेकींना छेदतात, त्याच्या नेमक्या वर असलेले पेशींचे एक लहानसे केंद्र प्रकाशाच्या आधाराने दिवसरात्रीचे भान ठेवते. अशा जैविक घड्याळाची पेशींमधील यंत्रणा उलगडून दाखविल्याबद्दल जेफ्री हॉल, मायकेल रॉसबॅश व मायकेल यंग यांना २०१७ चे नोबेल पारितोषिक देण्यात आले.

या घड्याळानुसार माणसाची जागरूकता दिवसात दोनदा मंदावते. मध्यरात्रीनंतर साधारणतः दोन ते सहा या वेळेत ती सर्वांत कमी असते, आणि दुपारी दोन ते चारच्या सुमारास दुसरी, तुलनेने सौम्य घसरण होते. दुपारी येणारी सुस्ती केवळ जेवणामुळे येते असे नाही. जेवण न घेणाऱ्यांनाही ती जाणवते. अर्थात दुपारच्या व्याख्यानात श्रोत्यांचे डोळे मिटू लागणे हा वक्त्याचा अपमान असतोच असे नाही.

थकवा आणि पेंग यांतील भेद :

व्यवहारात हे दोन शब्द समानार्थी वापरले जातात. वैद्यकीय दृष्ट्या ते वेगळे आहेत. थकलेल्या माणसास विश्रांती हवी असते. तो आडवा झाला तरी त्याला झोप लागेलच असे नाही. पेंगणाऱ्या माणसास मात्र संधी मिळताच, आणि कित्येकदा न मिळताही, झोप लागते. रक्तक्षय, थायरॉइडचे विकार, नैराश्य यांत थकवा प्रामुख्याने आढळतो, तर झोप अपुरी किंवा खंडित असल्यास पेंग येते. काही वेळा दोन्ही एकत्र असतात.

पेंगेचे प्रमाण अजमावण्यासाठी ऑस्ट्रेलियातील डॉ. मरे जॉन्स यांनी १९९१ साली 'एपवर्थ निद्राळुता मापिका' प्रसिद्ध केली. वाचताना, दूरदर्शन पाहताना, सभेत वा नाट्यगृहात स्वस्थ बसले असता, तासभर वाहनातून प्रवास करताना, दुपारी आडवे झाल्यावर, कोणाशी बसून बोलताना, दुपारच्या जेवणानंतर शांत बसले असता आणि वाहतुकीत काही मिनिटे वाहन थांबले असता, अशा आठ प्रसंगी डुलकी लागण्याची शक्यता किती, याला ० ते ३ गुण द्यावयाचे असतात. एकूण २४ पैकी १० हून अधिक गुण झाल्यास पेंग प्रमाणाबाहेर आहे असे समजून वैद्यकीय सल्ला घेणे इष्ट ठरते. ही मापिका निदान करीत नाही. ती केवळ धोक्याची सूचना देते. वाचकांनी ती स्वतःस लावून पाहावी.

दिवसा झोप येण्याची प्रमुख कारणे :

१) अपुरी झोप : हे सर्वाधिक आढळणारे कारण होय. अमेरिकेतील निद्रावैद्यक संस्थांनी २०१५ साली प्रौढांसाठी किमान सात तास, तर २०१६ साली १३ ते १८ या वयोगटासाठी आठ ते दहा तासांच्या नियमित झोपेची शिफारस केली. "मला पाच-सहा तास पुरतात" असे सांगणारे पुष्कळ असतात. यासंबंधी पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाचा २००३ साली प्रसिद्ध झालेला प्रयोग महत्त्वाचा आहे. त्यात काही निरोगी प्रौढांना सलग १४ दिवस रोज सहा किंवा चार तासच झोपू देण्यात आले. दिवसागणिक त्यांची कार्यक्षमता घटत गेली व अखेरीस ती एक-दोन रात्री पूर्ण जागरण केलेल्यांच्या पातळीपर्यंत खाली आली. विशेष म्हणजे, त्यांना स्वतःला मात्र आपण फारसे झोपाळलेलो नाही असेच वाटत होते. कमी झोपेची सवय होते ती तक्रार न करण्याची. क्षमतेची हानी होतच राहते.

या संदर्भात स्त्रियांचा स्वतंत्र उल्लेख करणे आवश्यक वाटते. पहाटे पाण्याची वेळ, डबे, मुलांची शाळा आणि रात्री सर्वांच्या मागून आवराआवर यांमुळे नोकरी करणाऱ्या गृहिणीच्या झोपेला दोन्ही बाजूंनी कात्री लागते. तिच्या पेंगेकडे मात्र घरात क्वचितच कोणाचे लक्ष जाते.

२) झोपेतील श्वासावरोध : 'स्लीप ॲप्निया' या नावाने हा विकार आता परिचित होऊ लागला आहे. झोपेत घशाचे स्नायू सैल पडून श्वासमार्ग अरुंद होतो वा पूर्ण बंद होतो. श्वास किमान दहा सेकंद अडतो, रक्तातील प्राणवायू घटतो, मेंदू क्षणभर जागा होतो आणि मोठ्या घोरण्यासह श्वास पुन्हा सुरू होतो. झोपलेल्या व्यक्तीस यातील काहीही आठवत नाही. श्वास अडण्याची किंवा उथळ होण्याची संख्या तासाला पाचपर्यंत असल्यास ती सामान्य, तर तीस वा अधिक असल्यास तीव्र विकार समजला जातो. अशा व्यक्तीने आठ तास अंथरुणात काढले तरी गाढ झोप तिच्या वाट्याला येत नाही.

आपल्याकडे घोरणे हे गाढ झोपेचे लक्षण समजले जाते. वस्तुतः मोठ्याने व अडखळत घोरणे हे बिघडलेल्या झोपेचे लक्षण आहे. डॉ. झरीर उदवाडिया व त्यांच्या सहकाऱ्यांनी मुंबईतील ३५ ते ६५ वयाच्या, वरकरणी निरोगी असणाऱ्या ६५८ पुरुषांचा अभ्यास करून २००४ साली निष्कर्ष प्रसिद्ध केले. झोपेतील श्वासदोषाचे प्रमाण १९.५ टक्के, तर त्यासोबत दिवसा अतिरिक्त झोप येण्याचे प्रमाण ७.५ टक्के असल्याचा अंदाज त्यांनी मांडला. हा विकार केवळ स्थूल व्यक्तींनाच होतो असेही नाही. जबड्याची ठेवण, आखूड मान, वाढलेले टॉन्सिल यांमुळे सडपातळ व्यक्तींनाही तो होऊ शकतो. स्त्रियांमध्ये घोरण्याऐवजी सकाळची डोकेदुखी, निद्रानाश व सततचा थकवा या रूपांत तो प्रकट होत असल्याने निदान लांबते. उपचार न केल्यास उच्च रक्तदाब, हृदयविकार व पक्षाघात यांचा धोका वाढतो.

३) निद्रानाश : आठवड्यातून किमान तीन रात्री आणि तीन महिन्यांहून अधिक काळ झोप न लागणे किंवा लवकर मोडणे म्हणजे दीर्घकालीन निद्रानाश. असे रुग्ण दिवसा थकलेले, चिडचिडे, एकाग्रता हरवलेले असतात. परंतु प्रयत्न करूनही त्यांना दिवसा झोप लागत नाही. यावर झोपेची गोळी हा पहिला उपाय नव्हे. झोपेविषयीच्या सवयी व विचार बदलणारी बोधात्मक वर्तनोपचार पद्धती हाच प्रथम उपाय म्हणून शिफारसला जातो. गोळीचा अंमल सकाळपर्यंत राहून दिवसाची गुंगी वाढू शकते आणि श्वासावरोधाच्या रुग्णास ती घातकही ठरू शकते.

४) नार्कोलेप्सी : तुलनेने विरळ, परंतु सर्वाधिक गैरसमज असलेला हा विकार होय. फ्रेंच वैद्य जेलिनो यांनी १८८० साली त्याला हे नाव दिले. मेंदूला जागे ठेवणारे ओरेक्सिन हे द्रव्य १९९८ साली शोधले गेले आणि ते तयार करणाऱ्या पेशी नष्ट झाल्याने हा विकार उद्भवतो, हे त्यानंतर लवकरच सिद्ध झाले. रात्री पुरेशी झोप होऊनही रुग्णास दिवसा झोपेचे अनावर झटके येतात. काही रुग्णांत मोठ्याने हसताना वा आश्चर्य वाटताना स्नायूंतील बळ क्षणभर जाते. मान कलते, गुडघे मोडतात, मात्र शुद्ध कायम असते. विकाराचा प्रारंभ बहुधा पौगंडावस्थेत किंवा तारुण्याच्या उंबरठ्यावर, म्हणजे नेमका विद्यार्थिदशेत होतो. निदान होईपर्यंत अनेक वर्षे जातात आणि तोवर विद्यार्थ्याच्या नावापुढे 'आळशी' हा शेरा कायमचा लागलेला असतो.

५) जैविक घड्याळाशी विसंगती : रात्रपाळी करणारा कामगार दिवसा झोपतो, परंतु ती झोप प्रकाश, गोंगाट व स्वतःचे जैविक घड्याळ यांच्या विरोधात घ्यावी लागते, म्हणून ती तोकडी व उथळ असते. पौगंडावस्थेत हेच घड्याळ निसर्गतः उशिराकडे सरकते. सतरा-अठरा वर्षांच्या मुलास रात्री लवकर झोप न येणे व सकाळी जाग न येणे यांत शरीराच्या घडणीचा वाटा मोठा आहे. रात्री उशिरापर्यंत डोळ्यांपुढे असणारा मोबाइल त्यात भर घालतो.

६) अन्य कारणे : रात्री पायांत अस्वस्थ संवेदना होऊन ते सतत हलवावेसे वाटणे, या विकारात झोप लागण्यास विलंब होतो. शरीरातील लोहाच्या कमतरतेशी त्याचा संबंध असल्याने आपल्याकडील स्त्रियांच्या बाबतीत, विशेषतः गर्भारपणात, तो ध्यानात घेणे आवश्यक आहे. सर्दी व ॲलर्जीवरील जुन्या प्रकारची औषधे, काही मानसोपचाराची औषधे आणि मद्य यांमुळेही दिवसा गुंगी येते.

पेंगेचे धोके :

झोपाळलेला मेंदू पूर्ण झोपी जाण्यापूर्वीच काही सेकंदांपुरता अधूनमधून बंद पडतो. यास सूक्ष्मनिद्रा म्हणता येईल. डोळे उघडे असतानाही ती येऊ शकते आणि ती आल्याचे व्यक्तीस कळतेच असे नाही. ताशी ८० किलोमीटर वेगाने जाणारे वाहन एका सेकंदात सुमारे २२ मीटर जाते. चालकास चार सेकंदांची सूक्ष्मनिद्रा आली, तर ते वाहन सुमारे ८९ मीटर अंतर चालकाविना कापते. जागा चालक अपघातापूर्वी ब्रेक लावतो, वाहन वळवतो. झोपलेला चालक यातील काहीच करीत नाही. म्हणूनच असे अपघात अधिक प्राणघातक असतात.

पेंग आणि मद्य यांची तुलना उद्बोधक आहे. ऑस्ट्रेलियातील ड्रू डॉसन व कॅथरिन रीड यांनी १९९७ साली दाखवून दिले की, सलग १७ तास जागे राहिल्यावर माणसाची कार्यक्षमता १०० मिलिलिटर रक्तात ५० मिलिग्रॅम मद्यार्क असताना असते तेवढी घटते. २४ तासांनंतर ती सुमारे १०० मिलिग्रॅमच्या पातळीपर्यंत घसरते. आपल्या मोटार वाहन कायद्यातील कलम १८५ नुसार ही मर्यादा ३० मिलिग्रॅम आहे. म्हणजेच सकाळी सहाला उठलेली, दिवसभर काम केलेली आणि रात्री अकरा वाजता परगावाहून मोटार चालवत घरी परतणारी निर्व्यसनी व्यक्तीदेखील कार्यक्षमतेच्या दृष्टीने मद्यपी चालकाच्याच रांगेत उभी असते. मद्य ओळखण्यासाठी पोलिसांजवळ श्वासचाचणीचे उपकरण आहे. झोप ओळखणारे तसे साधे उपकरण नाही. त्यामुळे अपघाताच्या नोंदीत 'भरधाव वेग' किंवा 'नियंत्रण सुटले' असे कारण येते. नियंत्रण का सुटले हा प्रश्न तसाच राहतो.

महाराष्ट्रात ५ जून २०२५ रोजी पूर्णतः खुला झालेला ७०१ किलोमीटर लांबीचा समृद्धी महामार्ग या दृष्टीने विचारात घेण्यासारखा आहे. सरळ, रुंद, अडथळाविरहित रस्ता चालकाला सुखावतो आणि त्याच्या मेंदूला करण्याजोगे काही ठेवत नाही. अशा एकसुरीपणात झोपेचा साठलेला दाब लवकर वर येतो. रस्ता झोप निर्माण करीत नाही; लपलेली झोप तो उघड करतो.

रस्त्यांपलीकडेही पेंगेची किंमत मोठी आहे. २४ मार्च १९८९ रोजी मध्यरात्रीनंतर 'एक्सॉन व्हाल्डीझ' हे तेलवाहू जहाज अलास्काच्या किनाऱ्यानजीक खडकावर आदळून सुमारे चार कोटी लिटर तेल समुद्रात सांडले. अमेरिकेच्या राष्ट्रीय वाहतूक सुरक्षा मंडळाने दिलेल्या कारणांत जहाज हाकणाऱ्या अधिकाऱ्याचा थकवा व कामाचा अतिरिक्त बोजा यांचा समावेश होता. आपल्या देशात २२ मे २०१० रोजी सकाळी सहाच्या सुमारास दुबईहून आलेले विमान मंगळूर येथे धावपट्टी ओलांडून दरीत कोसळले आणि १६६ पैकी १५८ जणांचा मृत्यू झाला. सहवैमानिकाने व यंत्रणेने इशारे देऊनही वैमानिकाने विमान पुन्हा वर नेले नाही, हे चौकशीत मुख्य कारण ठरले. त्याचबरोबर वैमानिक प्रवासात दीड तासाहून अधिक काळ झोपला होता व उठल्यानंतरच्या झोपेच्या अंमलामुळे त्याची निर्णयशक्ती मंदावली असावी, असेही नमूद करण्यात आले. गाढ झोपेतून उठलेला माणूस जागा दिसतो. त्याचा मेंदू मात्र काही मिनिटे, क्वचित अर्धा तासही, पूर्णतः जागा नसतो.

महाविद्यालय आणि झोप :

वर्गात पेंगणारा विद्यार्थी अपघात घडवीत नाही, म्हणून त्याची पेंग निरुपद्रवी वाटते. परंतु नवीन माहिती स्मरणात पक्की होण्याचे कार्य मोठ्या प्रमाणावर झोपेतच होते. रात्र जागून केलेला अभ्यास परीक्षेपर्यंत कसाबसा टिकतो, पुढे टिकत नाही. स्पर्धा परीक्षांच्या निमित्ताने रात्रभर उघड्या राहणाऱ्या अभ्यासिका वाढत आहेत आणि कमी झोपणे हे जिद्दीचे प्रमाण मानले जात आहे. दुसरीकडे पहाटेची एस.टी. गाठून येणारी खेड्यातील मुले-मुली आहेत, आणि रात्री पेट्रोल पंपावर, गोदामात वा कारखान्यात काम करून शिकणारी मुले आहेत. यांना केवळ 'लवकर झोपत जा' असे सांगून आपले कर्तव्य संपत नाही.

अध्यापक म्हणून पुढील गोष्टी करता येण्याजोग्या आहेत :

१. पेंगणाऱ्या विद्यार्थ्यास वर्गासमक्ष बोलू नये. तासिकेनंतर स्वतंत्र बोलावून तीन प्रश्न विचारावेत : किती वाजता झोपतोस? किती वाजता उठतोस? पुरेसे झोपूनही झोप येते का? पहिल्या दोन उत्तरांतून अपुरी झोप उघड होते, तिसऱ्यातून विकाराची शंका येते.
२. सात-आठ तास झोपूनही महिनोन्महिने पेंग येत असल्यास, घोरणे व श्वास अडणे घरच्यांच्या लक्षात आले असल्यास, किंवा हसताना अंगातील बळ जात असल्यास डॉक्टरांकडे जाण्याचा आग्रह धरावा. निद्राचाचणीची सोय मोठ्या शहरांतील रुग्णालयांत असून काही चाचण्या आता घरीही करता येतात.
३. काम करून शिकणाऱ्या विद्यार्थ्यांची नोंद विभागात असावी व शक्य तेथे त्यांना दुपारच्या तुकडीत सामावून घ्यावे.
४. शैक्षणिक सहल व शिबिरांचे नियोजन करताना रात्रीचा प्रवास टाळावा. तो अपरिहार्य असल्यास दुसरा चालक असल्याची आणि आदल्या दिवशी दोघांची झोप झाल्याची खात्री करून घ्यावी. मोटार वाहतूक कामगारांसाठी १९६१ च्या कायद्याने आठ तासांच्या कामाची मर्यादा घातली होती. ती ज्या हेतूने घातली गेली तो हेतू सहलीच्या बसलाही लागू आहे.
५. स्वतः वाहन चालवताना वारंवार जांभई, डोळ्यांची उघडझाप, मागील काही किलोमीटर न आठवणे ही लक्षणे दिसताच थांबावे. खिडकी उघडणे, गाणी मोठ्याने लावणे, तोंडावर पाणी मारणे यांचा परिणाम फार काळ टिकत नाही. सुरक्षित जागी थांबून चहा-कॉफी घ्यावी आणि पंधरा-वीस मिनिटे झोपावे. पूर्ण जाग आल्यावरच पुढे निघावे.

उपचारांबाबत एक दिलासा देणारी गोष्ट नमूद करावीशी वाटते. श्वासावरोधावर १९८१ साली सिडनी येथील डॉ. कॉलिन सलिव्हन यांनी मुखवट्यावाटे हवेचा सौम्य दाब देऊन श्वासमार्ग खुला ठेवण्याची पद्धती विकसित केली. आजही तोच प्रमुख उपचार आहे. वजन कमी करणे, कुशीवर झोपणे, रात्री मद्य व गुंगीची औषधे टाळणे यांचाही उपयोग होतो. नार्कोलेप्सी समूळ बरी होत नसली तरी औषधे व दिवसातील ठरावीक छोट्या डुलक्या यांनी ती बरीच आटोक्यात राहते.

समारोप :

सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली रामलीला मैदान प्रकरणातील निकालात झोप ही माणसाची मूलभूत गरज मानून तिचा समावेश राज्यघटनेच्या कलम २१ मधील जीविताच्या हक्कात केला. जी गोष्ट कायद्याने हक्क म्हणून मान्य केली, ती आपल्या सामाजिक व्यवहारात अद्याप चैन किंवा दोष समजली जाते, ही विसंगती दूर होणे गरजेचे आहे.

प्रारंभी उल्लेखिलेल्या सहकाऱ्यांनी उपचार सुरू केल्यानंतर काही आठवड्यांतच त्यांची पेंग गेली आणि त्यांच्याविषयीची थट्टाही थांबली. तो विद्यार्थी मात्र त्या वर्षी पुन्हा तासिकेस आला नाही. वार्षिक परीक्षेच्या वेळी तो एकदा दिसला, इतकेच. त्याच्या पेंगेवरील उपाय अध्यापकाच्या हाती पूर्णतः नव्हता, हे खरे. परंतु त्याला वर्गाबाहेर घालविणारे वाक्य नक्कीच अध्यापकाचे होते. ज्या विकारांची माहिती या लेखात दिली आहे त्यांचे निदान वैद्यकतज्ज्ञ करतील. त्यापूर्वीचे एक काम आपले आहे. समोरचे डोळे मिटताना दिसले की निवाडा देण्यापूर्वी कारण विचारणे, एवढे तरी प्रत्येक अध्यापकास सहज शक्य आहे.